चुकांचा खर्च कोणी सोसायचा?

पनवेल, पेण, अलिबाग येथील पुस्तकांच्या कोणत्याही दुकानाच्या दर्शनी भागात आज एकाच जातीची पुस्तके मांडलेली दिसतात. नवा उद्योग कसा उभारावा, शून्यातून कोट्यधीश कसे व्हावे, अपयशाला यशाची पायरी कशी करावी, हे सांगणारी ही पुस्तके मूळ अमेरिकेत लिहिली गेली आणि अनेक भाषांतून खेड्यापाड्यांतील तरुणांच्या हाती पोहोचली. लोणेऱ्याच्या तंत्रशास्त्र विद्यापीठात शिकणारा शेतकऱ्याचा मुलगा ती वाचतो, उरणच्या बंदरात कंत्राटावर राबणारा पदवीधर ती वाचतो. आणि मंत्रालयात बसून योजना आखणारा अधिकारीही तीच वाचतो. तरुणाने ती वाचावी यात वावगे काहीच नाही. प्रश्न आहे तो अधिकाऱ्याचा. ज्या पुस्तकांनी खाजगी भांडवलदाराला स्वतःच्या पैशाने जुगार खेळण्याचे धडे दिले, तीच पुस्तके कल्याणकारी राज्याची क्रमिक पुस्तके होऊन बसली, तर जुगारात हरलेली रक्कम कोणाकडून वसूल व्हायची?

त्याच दुकानात, पण मागच्या फळीवर, आणखी दोन जातींची पुस्तके असतात. एक जात आहे संगणकप्रणाली विश्वासार्ह कशी राखावी हे सांगणाऱ्या पुस्तकांची. दुसरी संख्याशास्त्राची, म्हणजे अपुऱ्या माहितीवरून अनुमान कसे काढावे आणि त्या अनुमानात चूक किती असू शकते हे प्रामाणिकपणे कसे सांगावे, हे शिकवणाऱ्या पुस्तकांची. या दोन्ही शास्त्रांचा पाया एकच आहे: चूक होणार हे गृहीत धरायचे, ती मोजायची आणि जाहीर करायची. राज्यकर्त्यांनी पहिल्या फळीवरची पुस्तके उचलली आणि मागच्या फळीवरची धूळ खात ठेवली. रायगडच्या किनाऱ्यावरील शेतकरी, कोळी व कामगार यांना गेल्या काही वर्षांत जे भोगावे लागले, त्यातले बरेचसे या निवडीचे फळ आहे.

घाईचा धर्म

एरिक रीस यांचे ‘द लीन स्टार्टअप’ हे पुस्तक २०११ साली निघाले. त्याचा गाभा असा: वस्तू पूर्ण तयार होण्याची वाट पाहू नका, कशीबशी चालेल एवढी बनवून ग्राहकापुढे टाका, त्याच्या तक्रारींवरून शिका आणि मग सुधारा. रीस यांनी आपल्या कंपनीचे पहिले उत्पादन कसे सदोष होते आणि ग्राहकांचे संगणक त्यामुळे कसे बंद पडत, हे मोकळेपणाने सांगितले आहे. पीटर थील यांचे ‘झीरो टू वन’ २०१४ साली आले. त्यांचे म्हणणे आणखी रोखठोक आहे: स्पर्धा करणे हा दुबळ्यांचा मार्ग, शहाण्याने मक्तेदारी मिळवावी. मक्तेदारी हा भांडवलशाहीचा स्वभाव आहे, असे समाजवादी शंभर वर्षे सांगत आले. आता भांडवलदारच ते अभिमानाने छापतात, एवढाच फरक.

या दोन पुस्तकांची सांगड घातली म्हणजे त्यातला धोका स्पष्ट होतो. सदोष वस्तू ग्राहकापुढे टाकण्यात एक किमान न्याय तेव्हाच असतो, जेव्हा ग्राहकाला ती नाकारून दुसऱ्या दुकानात जाता येते. मक्तेदाराच्या ग्राहकाला ती सोय नसते. आणि राज्यसंस्थेपेक्षा मोठा मक्तेदार कोण? सातबारा देणारे दुसरे दुकान नाही. शिधापत्रिकेला दुसरा बाजार नाही. ज्याला दार बदलता येत नाही त्याच्यावर अर्धीकच्ची प्रणाली लादून ‘तक्रारींवरून शिकू’ म्हणणे, हा नागरिकाला प्रयोगशाळेतला उंदीर समजण्याचा प्रकार आहे.

२०१७ सालची कर्जमाफी हे याचे ढळढळीत उदाहरण. त्या वर्षी जून महिन्यात राज्य सरकारने ३४,०२२ कोटी रुपयांच्या कर्जमाफीची घोषणा केली. पूर्वीच्या कर्जमाफीत बँकांनी गैरव्यवहार केले, म्हणून या वेळी प्रत्येक शेतकऱ्याने आधार क्रमांकासह संगणकावर अर्ज भरावा, असे फर्मान निघाले. हेतू वाईट होता असे म्हणण्याचे कारण नाही. गावोगावच्या केंद्रांपुढे पावसात रांगा लागल्या. दिवाळीच्या तोंडावर, १८ ऑक्टोबरला, प्रमाणपत्रे वाटण्याचा समारंभही थाटात झाला. त्यानंतर याद्यांमधील दोष उघडे पडले; एकाच आधार क्रमांकासमोर अनेक शेतकऱ्यांची नावे असल्याचे आढळले आणि याद्या पुन्हा तपासाव्या लागल्या. हातात प्रमाणपत्र आहे आणि खात्यात पैसा नाही, अशा अवस्थेत शेतकऱ्याने दिवाळी काढली. रीस यांच्या ग्राहकाचा संगणक बंद पडला तेव्हा त्याचे मनोरंजन खुंटले होते. इथे पेरणीच्या कर्जाचा प्रश्न होता.

गंमत अशी की ‘वेगाने चला, मोडतोड झाली तरी बेहत्तर’ या अर्थाचे ब्रीद ज्या फेसबुक कंपनीने जगभर गाजवले, त्या कंपनीनेच ते २०१४ साली बदलले. पाया भक्कम ठेवून वेगाने जाण्याची भाषा ती बोलू लागली, कारण मोडतोड निस्तरण्यात वेगापेक्षा जास्त वेळ जातो हे तिला कळले. केंद्र सरकारने ‘स्टार्टअप इंडिया’चा नारळ फोडला तो १६ जानेवारी २०१६ रोजी. मूळ मालकाने टाकून दिलेले ब्रीद आपल्या नोकरशाहीने असे निष्ठेने उचलून धरले.

चुकांचे अंदाजपत्रक

२०१६ साली गूगल कंपनीच्या अभियंत्यांनी प्रणालींच्या विश्वासार्हतेवर एक जाडजूड पुस्तक प्रसिद्ध केले. कंपनी नफेखोर आहे, तिच्याविषयी कोणाला भ्रम नसावा. परंतु त्या पुस्तकातील एक कल्पना प्रत्येक कार्यकर्त्याने समजून घेण्याजोगी आहे. हे अभियंते म्हणतात की शंभर टक्के निर्दोष प्रणाली असूच शकत नाही. म्हणून आधीच ठरवावे की वर्षभरात किती बिघाड सोसायचा. ९९.९ टक्के विश्वासार्हता ठरवली तर वर्षाच्या ८,७६० तासांपैकी सुमारे पावणेनऊ तास प्रणाली बंद राहू शकते. याला ते चुकांचे अंदाजपत्रक म्हणतात. हे अंदाजपत्रक संपले की कंपनीत नवे काही आणणे थांबते. सगळे बळ आधी बिघाड दुरुस्तीकडे वळते. आणि प्रत्येक मोठ्या बिघाडानंतर, कोणाला बळीचा बकरा न करता, काय झाले आणि का झाले याचा लेखी वृत्तांत तयार होतो.

आता हाच हिशेब गावपातळीवर मांडून पाहावा. एक लाख शेतकऱ्यांची यादी ९९ टक्के अचूक असेल तर सरकारी पत्रकात ते घवघवीत यश ठरते. पण उरलेला एक टक्का म्हणजे एक हजार कुटुंबे. कंपनीत जो बिघाड सर्व ग्राहकांत काही मिनिटांचा म्हणून वाटला जातो, तो सरकारी योजनेत नेमक्या त्याच कुटुंबांच्या दारात येऊन बसतो. बोटांचे ठसे कोणाचे उमटत नाहीत? ज्याची बोटे मिठागरात, जाळ्यावर, दगडखाणीत झिजली त्याचे. मोबाइलला लहर कोठे मिळत नाही? म्हसळा-सुधागडच्या डोंगरातील आदिवासी वाडीवर. सावकार, कंत्राटदार आणि फार्महाऊसचा मालक यांचे ठसे पहिल्या दमात उमटतात. प्रणालीची चूक ही वर्गनिरपेक्ष नसते. ती उताराच्या पाण्यासारखी खालच्या माणसाकडे वाहत जाते. म्हणूनच सरासरीच्या भाषेत बोलणाऱ्या राज्यकर्त्याला विचारले पाहिजे की, बाबा रे, उरलेला एक टक्का कोण, त्यांची यादी दाखव.

विश्वासार्हतेचा प्रश्न केवळ सरकारी कचेऱ्यांपुरता नाही. २७ जून २०१७ रोजी उरण तालुक्यातील जवाहरलाल नेहरू बंदरात त्याचे रौद्र रूप दिसले. या बंदरासाठी आणि नव्या मुंबईसाठी जमिनी घेताना १९८४ च्या जानेवारीत जासई-दास्तान परिसरात दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, पाच जणांचे बळी गेले. त्या रक्तावर उभ्या राहिलेल्या बंदरातील एक टर्मिनल मेर्स्क या डॅनिश कंपनीच्या समूहाकडे आहे. त्या दिवशी युक्रेनमधील कर-हिशेबाच्या एका सॉफ्टवेअरमधून एक विध्वंसक प्रणाली जगभर पसरली आणि मेर्स्कचे संगणक एकामागून एक काळे पडले. हजारो मैलांवर न्हावा-शेव्यातील त्या टर्मिनलचे कामकाज ठप्प झाले. कोणता कंटेनर कोठे आहे आणि कोणत्या जहाजावर जायचा आहे, हे सांगणारे यंत्रच मुके झाले.

या घटनेची वंशावळ बोधप्रद आहे. विंडोज प्रणालीतील जे छिद्र वापरून हा हल्ला पसरला, ते अमेरिकी हेरखात्याला आधीपासून ठाऊक होते. लोकांना सावध करण्याऐवजी त्या खात्याने ते शस्त्र म्हणून जपून ठेवले. ते शस्त्र चोरीस गेले, २०१७ च्या एप्रिलमध्ये जगजाहीर झाले आणि जूनमध्ये वापरले गेले. हल्ल्याचा कर्ता रशियाचे लष्कर असल्याचा ठपका अमेरिका व ब्रिटनने २०१८ च्या फेब्रुवारीत ठेवला. एका महासत्तेने शस्त्र घडवावे, दुसरीने ते शेजाऱ्यावर चालवावे आणि माल अडकावा उरणमध्ये, असा हा साम्राज्यशाहीचा नवा हिशेब आहे. मेर्स्कला सुमारे ४,००० सर्व्हर आणि ४५,००० संगणक दहा दिवसांत नव्याने उभे करावे लागले. नुकसान २५ ते ३० कोटी डॉलरांचे झाले. एवढ्या अवाढव्य कंपनीची एक कळीची नोंद शिल्लक राहिली ती कशामुळे? आफ्रिकेतील घाना देशातील कचेरीत त्या वेळी वीज गेली होती म्हणून! जगाच्या व्यापाराचा मोठा हिस्सा हाताळणाऱ्या भांडवलशाहीच्या विश्वासार्हतेचा पाया असा एका योगायोगावर उभा होता. कंपनीने आपला तोटा ताळेबंदात दाखवला. खोळंबलेल्या ट्रेलरच्या चालकाची बुडालेली खेप कोणत्या ताळेबंदात आली?

अलिबागची सुई

जुन्यातून नव्याकडे कसे जावे याचा वस्तुपाठ मात्र याच किनाऱ्यावर शंभराहून अधिक वर्षे उभा आहे. मुंबईत कुलाबा येथे १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या नोंदी घेतल्या जात. विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईत विजेवर चालणाऱ्या ट्राम आणण्याचे ठरले. विजेच्या प्रवाहाने चुंबकाच्या सुईची नोंद बिघडणार हे उघड होते. तेव्हा वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई मूस यांच्या कारकीर्दीत ही चुंबकीय वेधशाळा अलिबागला हलवण्यात आली. लोखंडाचा अंश सुईला फसवू नये म्हणून इमारतही चुंबकाला न आकर्षणाऱ्या सामानाची बांधली गेली.

यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट पुढेच आहे. अलिबागची वेधशाळा १९०४ साली सुरू झाली म्हणून कुलाब्याची त्याच दिवशी बंद केली नाही. १९०४ ते १९०६ अशी दोन वर्षे दोन्ही ठिकाणी एकाच वेळी नोंदी घेतल्या गेल्या. जुनी सुई काय सांगते, नवी काय सांगते, दोहोंत फरक किती, तो कायमचा की बदलता, हे ताडून पाहिले आणि मगच जुने दार बंद झाले. विजेची ट्राम मुंबईत धावली ती १९०७ साली, म्हणजे तयारी आधी झाली, ट्राम नंतर आली. त्यामुळे कुलाबा-अलिबागची नोंदमाला अखंड राहिली आणि आज जगातील दीर्घ नोंदमालांत तिची गणना होते. त्यासाठी कोणी स्टार्टअपचे पुस्तक वाचले नव्हते. नोंद तुटली तर ती पुन्हा जोडता येत नाही, एवढी साधी जाणीव त्यांना होती.

परकीय राजवटीने चुंबकाच्या सुईसाठी जी दक्षता घेऊ दिली, ती स्वराज्यातील सरकार माणसाच्या भाकरीसाठी घेत नाही. सातबारा संगणकावर चढवताना, शिधापत्रिका आधारशी जोडताना, पीकपाहणी मोबाइलवर आणताना, जुनी कागदी पद्धत दोन वर्षे समांतर चालवून फरक ताडून पाहण्याचा दंडक का नसावा? खर्च होतो, असे उत्तर मिळेल. खर्च दोन्हीकडे होतोच. समांतर पद्धतीत तो तिजोरीतून होतो. घाईच्या पद्धतीत तो तहसील कचेरीच्या खेटा, बुडालेला रोज आणि दलालाची चिरीमिरी या रूपाने गरिबाच्या खिशातून होतो. तिजोरीचा खर्च अंदाजपत्रकात दिसतो, गरिबाचा कोठेच दिसत नाही. म्हणूनच दुसरा मार्ग राज्यकर्त्यांना स्वस्त वाटतो.

आणेवारी ते विमा

संख्याशास्त्र हे परक्यांचे शास्त्र आहे असा समज कार्यकर्त्यांत असेल तर तो दूर झाला पाहिजे. मार्क्सवादी इतिहासकार दामोदर धर्मानंद कोसंबी हे मूळचे गणिती. संख्याशास्त्रातील एका मूलभूत सिद्धान्ताला आजही त्यांचे नाव जोडले जाते. आणि शेतीच्या संख्याशास्त्राचा पाया या देशात घातला तो दोघा मराठी माणसांनी, वि. गो. पानसे आणि पां. वा. सुखात्मे यांनी. पीक किती आले हे पूर्वी आणेवारीने, म्हणजे महसूल खात्याच्या माणसाच्या नजरअंदाजाने ठरे. आणि त्या नजरेवर सारासूट मिळणार की नाही हे अवलंबून असे. पानसे-सुखात्मे यांनी १९४० च्या दशकात सांगितले की नजरेवर विसंबू नका. शेते यादृच्छिक पद्धतीने निवडा, ठरावीक क्षेत्रातील पीक कापा, तोला आणि अनुमानात चूक किती हेही सोबत सांगा. १९५४ साली त्यांनी शेतीक्षेत्रात काम करणाऱ्यांसाठी संख्याशास्त्रीय पद्धतींचे पुस्तक लिहिले. अधिकाऱ्याच्या लहरीविरुद्ध मोजमापाचे शस्त्र देणारे हे पुस्तक आहे. असे पुस्तक एखाद्या स्थानिक अभ्यासमंडळात कधी उघडले जाते काय?

पीकविम्याची कल्पनाही अशाच एका मराठी अर्थशास्त्रज्ञाने तडीस नेली. पीकविमा व्यवहार्य नाही असा सरकारी समितीचा अभिप्राय आलेला असताना वि. म. दांडेकर यांनी १९७६ साली क्षेत्रावर आधारित विम्याची मांडणी केली. एकेका शेताचे नुकसान मोजत बसण्याऐवजी एकसारखी परिस्थिती असलेल्या टापूचे सरासरी उत्पन्न मोजावे आणि ते घटले तर टापूतील सर्वांना भरपाई द्यावी. या मांडणीचा सारा डोलारा एका अटीवर उभा आहे: टापू खरोखर एकसारखा असला पाहिजे. ही अट सांभाळली तर विमा आहे. ती मोडली तर सोडत आहे.

रायगडच्या आंबा बागायतदाराला आज हवामानावर आधारित फळपीक विमा मिळतो. येथे उत्पन्नही मोजले जात नाही. महसूल मंडळातील नेमलेल्या हवामान केंद्रावर अवेळी पाऊस, तापमान वा वारा यांनी ठरावीक प्रमाणक ओलांडले तर भरपाई, नाहीतर नाही. बागेत मोहोर गळून सडा पडला असला तरी यंत्राने नोंदले नाही तर नुकसान झालेच नाही, असे मानायचे. ज्याने हा किनारा पाहिला आहे त्याला कळते की येथे खाडीकाठ, माळ आणि डोंगरउतार यांचे हवामान दोन-तीन मैलांत पालटते. रेवदंड्याला सर कोसळावी आणि पलीकडच्या डोंगराआड ऊन पडावे, यात नवल काहीच नाही. म्हणजे दांडेकरांची एकसारख्या टापूची अट पाळणे जेथे सर्वांत कठीण, तेथेच एका यंत्राच्या नोंदीवर शेकडो बागांचे भवितव्य टांगले आहे. बाग आणि यंत्र यांतील हा फरक संख्याशास्त्राला चांगला ठाऊक आहे. तो मोजता येतो. विमा कंपनी तो मोजून बागायतदाराला सांगते काय? हप्ता वसूल करताना तो कोठे छापते काय?

३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेस किनाऱ्यावर आदळले. ताशी १०० ते ११० किलोमीटर वेगाच्या वाऱ्याने श्रीवर्धन, म्हसळा, मुरुड येथील पिढ्यांनी जोपासलेल्या सुपारीच्या, नारळाच्या, आंब्याच्या बागा मुळासकट उपटल्या. आंबा विम्याचा हंगाम मेअखेर संपलेला. शिवाय त्या विम्यात एका हंगामाचे पीक धरलेले, झाड नाही. झाड पुन्हा फळाला येण्यास दशक लागते, हे प्रमाणकांच्या कोष्टकात बसत नाही. वीज आणि मोबाइल कित्येक गावांत दिवसेंदिवस बंद राहिले. सगळी मदत ज्या पडद्यावरून मिळायची, तो पडदाच काळा झाला.

याच वादळात दुसरी बाजूही दिसली. वादळाची वाट भारतीय हवामान खात्याने आधी सांगितली, किनाऱ्यावरची हजारो माणसे हलवली गेली आणि प्राण वाचले. हे खाते सरकारी आहे, नफ्यासाठी चालत नाही. आणि ते एक गोष्ट नेमाने करते: चक्रीवादळांचे आपले अंदाज किती किलोमीटरनी चुकले, २४ तासांचा किती, ४८ तासांचा किती, हे ते दरवर्षी प्रसिद्ध करते. आपल्या चुकीचे माप जाहीर करणाऱ्या शास्त्रावर लोकांनी विश्वास ठेवला, घरे सोडली आणि ते वाचले. चूक लपवल्याने विश्वास वाढतो, असे मानणाऱ्या प्रत्येक मंत्र्याने आणि विमा कंपनीने हा धडा गिरवावा.

खोताची वही

चूक लपवणारी प्रणाली आणि तिला सत्य मानणारे न्यायालय एकत्र आले की काय होते, हे ब्रिटनने दाखवले. तेथील टपालखात्याने १९९९ पासून ‘होरायझन’ नावाची हिशेबप्रणाली लावली. तिने चुकीची तूट दाखवली आणि त्या तुटीपायी गावोगावच्या नऊशेहून अधिक टपाल-चालकांना चोर ठरवून शिक्षा झाल्या. काहींनी जीव दिला. संगणक बरोबर चालत होता असे तेथील कायदा गृहीत धरत असे. निरपराध्यांच्या शिक्षा सरसकट रद्द करणारा कायदा झाला तो २०२४ साली. ऑस्ट्रेलियात वर्षाच्या मिळकतीला २६ पंधरवड्यांनी भागून आलेल्या सरासरीवरून गरिबांना सरकारी मदत परत करण्याच्या नोटिसा गेल्या. ज्याला सहा महिने काम आणि सहा महिने बेकारी, त्याची सरासरी खोटीच येणार. २०२३ साली चौकशी आयोगाने त्या योजनेची लक्तरे वेशीवर टांगली. श्रीमंत देश, शिकलेला समाज, स्वतंत्र न्यायालये असताना ही गत. मग गणपतीनंतर भातकापणीला, दिवाळीनंतर वीटभट्टीला जाणाऱ्या आमच्या कातकऱ्याच्या नोंदीत सरासरीने काय अनर्थ होत असेल?

अलिबागच्या परिसराला यात नवीन काही नाही. १९३३ ते १९३९ या काळात चरी आणि भोवतालच्या गावांतील कुळांनी नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली जमिनी पडीक ठेवून संप केला, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्या लढ्याला बळ दिले. कुळाचे दुःख केवळ जबर खंडाचे नव्हते. येणे किती आणि बाकी किती हे खोताच्या वहीत लिहिलेले असे. वही खोताची, लेखणी खोताची आणि वाचणाराही खोताचाच. वहीत लिहिले ते खरे. आज वहीच्या जागी सर्व्हर आला आहे. ‘वर दिसत नाही’, ‘नाव येत नाही’, ‘साइट बंद आहे’ ही तीन वाक्ये ऐकून परतणाऱ्या माणसाची अवस्था चरीच्या कुळाहून फारशी वेगळी नाही. खोताकडे निदान बोट तरी दाखवता येत होते.

दोन आक्षेप

यावर एक आक्षेप उजवीकडून येईल: हे यंत्राला विरोध करणारे लोक आहेत, यांना तलाठ्याचा जाच परत हवा आहे. वस्तुस्थिती तशी नाही. घरबसल्या सातबारा मिळू लागल्याने पुष्कळांच्या खेटा वाचल्या, हे मान्यच केले पाहिजे. राममनोहर लोहियांनी यंत्र नाकारले नव्हते. माणसाच्या आवाक्यातले, त्याच्या ताब्यात राहणारे लहान यंत्र त्यांनी मागितले होते. वाद यंत्राशी नाही, यंत्राचा ताबा आणि यंत्राच्या चुकीचा भार कोणाकडे, याविषयी आहे.

दुसरा आक्षेप स्वतःच्या घरातला आहे आणि तो अधिक बोचरा आहे. बँका, आयुर्विमा येथे संगणक आले तेव्हा डाव्या व समाजवादी कामगार संघटनांनी विरोध केला तो नोकऱ्या जातील या मुद्द्यावर. तो मुद्दा रास्त होता. पण ही प्रणाली चुकली तर काय, तिचा हिशेब कोण तपासणार, ग्राहकाने दाद कोठे मागायची, हे प्रश्न त्या काळी क्वचितच विचारले गेले. पगारवाढीचा करार झाला आणि प्रश्न मिटला. चळवळीने शास्त्राकडे पाठ फिरवली, म्हणून शास्त्राची भाषा विक्रेत्यांच्या तोंडी गेली. आज स्टार्टअपच्या पुस्तकांना हसणाऱ्या कार्यकर्त्याने मागच्या फळीवरची पुस्तके तरी वाचली आहेत काय?

मागण्यांचा मसुदा

यापुढील कार्यक्रम ठोस असला पाहिजे. पहिली मागणी समांतर पद्धतीची: उपजीविकेशी संबंधित कोणतीही प्रणाली लागू करताना जुनी कागदी पद्धत किमान दोन वर्षे चालू राहिली पाहिजे, अलिबागचा दंडक हाच राज्याचा दंडक व्हावा. दुसरी, चुकांच्या जाहीर हिशेबाची: प्रणाली किती तास बंद होती, किती अर्ज अडले, किती नावे चुकून वगळली, याचे वार्षिक पत्रक ग्रामसभेपुढे वाचले जावे, ठरवलेली मर्यादा ओलांडली की नव्या अटी लादणे आपोआप थांबावे. तिसरी, पुराव्याच्या भाराची: नोंद आणि नागरिक यांत विसंगती आली तर नोंद खरी असल्याचे सिद्ध करणे राज्याचे काम, तोवर धान्य, मजुरी, मदत बंद होता कामा नये. चौथी, विम्याची: हवामान केंद्राची रोजची नोंद ग्रामपंचायतीच्या फलकावर लागावी, भरपाईचे सूत्र मराठीत छापावे आणि केंद्रांची घनता भूप्रदेशाच्या चढउतारावरून ठरावी.

पाचवी गोष्ट सरकारकडे मागायची नाही, स्वतः करायची आहे. प्रत्येक तालुक्यात एक अभ्यासमंडळ असावे आणि त्यात एक अभियंता, एक बागायतदार, एक रेशन दुकानदार व एक ट्रेलरचालक बसावा. ‘साइट बंद’ म्हणून परत पाठवलेल्या प्रत्येक माणसाची तारीखवार वही तेथे ठेवावी. पानसे-सुखात्म्यांनी शिकवलेल्या रीतीने शंभर घरे निवडून पाहणी केली तर सरकारच्या ९९ टक्क्यांना उत्तर देता येईल. संख्येला उत्तर संख्येनेच द्यावे लागते. निव्वळ घोषणेने ते होत नाही.

हे तातडीने करावयास हवे, कारण २०२४ साली उरण, पनवेल व पेण तालुक्यांतील १२४ गावे नव्या नगराच्या आराखड्यात गेली आहेत. अटल सेतू झाला, आता तिसऱ्या मुंबईची स्वप्ने विकली जात आहेत. याच तालुक्यांतील २२ गावांच्या शेतकऱ्यांनी २१ सप्टेंबर २००८ रोजी महामुंबई सेझच्या सार्वमतात मतदान करून दाखवून दिले होते की विचारले तर लोक उत्तर देतात. ते विचारणे सरकारने आपण होऊन केले नव्हते. लढ्याने ते करवून घेतले. पुढच्या आराखड्यांत जमिनीच्या नोंदी, भरपाईच्या याद्या, भूखंडांच्या सोडती सारे संगणकावर ठरणार आहे. त्या वेळी किनाऱ्यावरच्या माणसाच्या हाती स्वतःची वही असली पाहिजे. ती नसेल तर खोताचीच वही पुन्हा एकदा खरी ठरेल.